सेरेत्से खामा : गादी सोडलेला राज्यकर्ता

१३ मार्च १९५० रोजी ब्रिटिशांचे हाय कमिशनर सर एव्हलिन बेअरिंग यांनी बेचुआनालँडमधील सेरोवे या गावी बांग्वातो जमातीची सभा बोलावली होती. समारंभी इतमामाची सारी सिद्धता झाली होती. साम्राज्य सरकारचा निर्णय जमातीला तिच्या स्वतःच्या सभास्थानी ऐकवायचा होता. निर्णय असा की, जमातीच्या गादीचे तरुण वारस सेरेत्से खामा यांना मान्यता देण्यात येणार नाही आणि पाच वर्षे त्यांना मायदेशाबाहेर राहावे लागेल. सभेची वेळ झाली. पण सभेला माणसेच आली नाहीत. दगड भिरकावला गेला नाही की घोषणा झाली नाही. ज्या जमातीत सभेला हजर राहणे हे प्रत्येक पुरुषाचे कर्तव्य मानले जाई, तिने त्या दिवशी घरी बसणे पसंत केले, आणि बादशहाच्या प्रतिनिधीला आपला हुकूम तसाच घेऊन परतावे लागले.

ज्यांच्यासाठी हे घडले ते सेरेत्से खामा पुढे बोट्स्वाना प्रजासत्ताकाचे पहिले राष्ट्राध्यक्ष झाले. त्यांचे नाव जगाला ठाऊक झाले ते मात्र एका गोऱ्या मुलीशी त्यांनी केलेल्या विवाहामुळे. त्या विवाहावर पुस्तके निघाली, अलीकडे चित्रपटही निघाला. त्यात वावगे काही नाही. परंतु या माणसाचे खरे राजकीय कर्तृत्व प्रेमकथा संपते तेथून पुढे सुरू होते. जन्माने जमातप्रमुख असलेल्या माणसाने जमातप्रमुखांची सत्ता कायद्याने काढून घेतली, आणि तसे करीत असताना त्या सत्तेच्या मुळाशी असलेली सभा मात्र मोडली नाही, हा तो भाग होय.

आफ्रिकेतील नव्या राज्यकर्त्यांपुढे हा पेच सर्वत्रच उभा होता. परकी सत्तेने जमातप्रमुखांना हाताशी धरून कारभार केलेला. तेव्हा स्वातंत्र्यानंतर त्यांचे करायचे काय? गिनीत सेकू तुरे यांनी १९५७ सालीच प्रमुखपदे रद्द केली. टांगानिकाने १९६३ मध्ये तीच वाट धरली. युगांडात १९६६ साली मिल्टन ओबोटे यांच्या सैन्याने बुगांडाच्या कबाकाच्या राजवाड्यावरच हल्ला चढविला. याच्या अगदी उलट, स्वाझीलँडचे राजे सोभुझा यांनी १९७३ मध्ये राज्यघटनाच गुंडाळून ठेवली. प्रमुखांचा उच्छेद किंवा प्रमुखांचेच राज्य, असे दोनच मार्ग आहेत की काय, असे वाटावे अशी ती वर्षे होती.

सेरेत्से यांचे आजोबा तिसरे खामा हे दक्षिण आफ्रिकेच्या इतिहासातील एक करारी पुरुष होते. स्वतः ख्रिस्ती झालेल्या या प्रमुखाने आपल्या प्रदेशात दारूबंदी केली आणि ती कसोशीने राबविली. १८९५ साली सेसिल ऱ्होड्सच्या कंपनीच्या घशात आपली भूमी जाणार असे दिसताच बाक्वेनांचे सेबेले आणि बांग्वाकेत्सेंचे बाथोएन यांना बरोबर घेऊन ते थेट इंग्लंडला गेले, गावोगावच्या सभांतून त्यांनी आपली बाजू मांडली आणि देश कंपनीच्या ताब्यात जाऊ दिला नाही. या तीन प्रमुखांपैकी बाथोएन हे नाव वाचकांनी लक्षात ठेवावे. त्यांच्या नातवाची आणि खामांच्या नातवाची पुढे गाठ पडायची होती.

त्स्वाना लोकांत प्रमुखाला क्गोसी म्हणतात आणि त्याच्या वाड्यालगतच्या, लाकडी खांबांच्या अर्धवर्तुळाकार कुंपणातील सभेला क्गोत्ला. न्यायनिवाडा तेथेच, शेतीच्या हंगामाचा निर्णय तेथेच, आणि वादविवादही तेथेच. प्रमुखाने सर्वांचे ऐकून घ्यायचे आणि शेवटी बोलायचे, अशी रीत. क्गोत्लात उच्चारलेला प्रत्येक शब्द चांगलाच मानावा आणि प्रमुख हा लोकांमुळेच प्रमुख असतो, अशा अर्थाच्या म्हणी त्या भाषेत रूढ आहेत. अर्थात या सभेचे उगाच गोडवे गाण्याचे कारण नाही. तेथे स्त्रियांना स्थान नव्हते. जमातीच्या वर्चस्वाखाली राहणाऱ्या लहान समाजांचा आवाज क्षीण होता. सॅन लोक तर बांग्वातोंच्या गुरांमागे पिढ्यान् पिढ्या वेठीसारखे राबत होते. लोकशाहीचे बीज तेथे होते असे म्हणता येईल. पण बीज म्हणजे झाड नव्हे.

सेरेत्से यांचा जन्म १ जुलै १९२१ चा. आजोबा आणि वडील सेकगोमा यांच्यात दीर्घकाळ वितुष्ट होते. ते मिटल्यानंतर जन्मलेल्या या मुलाला जोडणारी, सांधणारी माती अशा अर्थाचे नाव देण्यात आले. १९२३ मध्ये आजोबा गेले, १९२५ मध्ये वडीलही गेले, आणि चार वर्षांचा मुलगा गादीचा वारस ठरला. पालक कारभारी म्हणून चुलते त्शेकेडी खामा यांनी सूत्रे हाती घेतली. ते कर्तबगार, हेकट आणि कायद्याचा कीस काढणारे गृहस्थ होते. १९३३ साली एका गोऱ्या तरुणाला आपल्या क्गोत्लात शिक्षा ठोठावण्याचे धाडस त्यांनी केले, तेव्हा ब्रिटिशांनी केपटाउनहून नौसैनिक आणि तोफा आणून त्यांना काही आठवडे पदच्युत केले होते. पुढे प्रमुखांच्या अधिकारांवर बंधने घालणाऱ्या १९३४ च्या फर्मानांविरुद्ध त्शेकेडी आणि बांग्वाकेत्सेंचे तरुण प्रमुख दुसरे बाथोएन यांनी हाय कमिशनरवर दावा लावला. ते हरले, परंतु प्रमुखाचा अधिकार सरकारच्या मेहेरबानीतून येतो की लोकांच्या परंपरेतून, हा प्रश्न त्यांनी न्यायालयात नेऊन उभा केला. हाच प्रश्न सेरेत्से यांच्या आयुष्यभर त्यांच्या मागे लागला होता.

पुतण्याला त्शेकेडींनी पोटच्या मुलासारखे वाढविले. टायगर क्लूफ, लव्हडेल, फोर्ट हेअर असे शिक्षण झाल्यावर १९४५ मध्ये सेरेत्से ऑक्सफर्डच्या बेलियल महाविद्यालयात दाखल झाले आणि नंतर बॅरिस्टरीसाठी लंडनला गेले. तेथे १९४७ साली त्यांची ओळख रूथ विल्यम्स या तरुणीशी झाली. महायुद्धात हवाई दलाच्या स्त्री-शाखेत काम केलेली रूथ तेव्हा विमा व्यवसायातील एका कचेरीत नोकरीला होती. धर्मगुरूंनी विवाह लावण्यास नकार दिला, तेव्हा २९ सप्टेंबर १९४८ रोजी दोघांनी नोंदणी विवाह केला.

चुलत्यांच्या संतापाला पारावार राहिला नाही, आणि तो संताप केवळ वर्णाचा नव्हता. प्रमुखाची पत्नी ही जमातीची माता. तिची निवड जमातीला न विचारता कशी होऊ शकते, हा त्यांचा सवाल होता. परंपरेच्या चौकटीत तो बिनतोड होता. सेरेत्से सेरोवेला परतले आणि क्गोत्लापुढे उभे राहिले. नोव्हेंबर १९४८ च्या सभेत बहुतेक वक्ते विरोधात बोलले. डिसेंबरच्या सभेत पारडे हलू लागले. जून १९४९ च्या तिसऱ्या सभेत सेरेत्से यांनी आपल्या विरोधकांना उभे राहण्यास सांगितले. सुमारे चाळीस माणसे उठली. मग बाजूने असणाऱ्यांना सांगितले, तेव्हा हजारोंचा जमाव उभा राहिला. लोकांचे मन पालटण्यामागे कारणे अनेक होती. त्शेकेडींनाच गादी हवी आहे हा संशय त्यातले एक. परंतु निर्णय झाला तो उघड्या सभेत, बोलून आणि मोजून झाला. त्शेकेडी पराभव मानून आपल्या अनुयायांसह बाक्वेनांच्या प्रदेशात निघून गेले.

घरातला वाद असा घरातच मिटला असता. पण दक्षिण आफ्रिकेत १९४८ साली डॉ. मलान यांचे वर्णद्वेष्टे सरकार आले होते आणि १९४९ मध्ये त्याने मिश्रविवाहांना कायद्याने बंदी घातली होती. सरहद्दीपलीकडे एका काळ्या जमातीची प्रमुखपत्नी गोरी असावी, हे त्या सरकारला सहन होण्यासारखे नव्हते. दक्षिण आफ्रिकेचे सोने आणि युरेनियम यांची ब्रिटनला गरज होती. शिवाय बेचुआनालँड गिळंकृत करण्याची दक्षिण आफ्रिकेची जुनी इच्छा होतीच. ब्रिटनमधील मजूर सरकारने न्यायमूर्ती हॅरागिन यांची चौकशी नेमली. सेरेत्से हे प्रमुखपदास सर्वथा लायक आहेत, केवळ शेजारी राज्यांची नाराजी ओढवेल म्हणून मान्यता देऊ नये, असा तिचा निष्कर्ष निघाला. तो इतका अडचणीचा होता की अहवाल जवळजवळ तीस वर्षे दडपून ठेवण्यात आला. चर्चेसाठी म्हणून सेरेत्से यांना लंडनला बोलावून घेतले आणि तेथे हद्दपारीचा हुकूम सांगितला. वसाहतींच्या स्वातंत्र्याचे गोडवे गाणाऱ्या मजूर पक्षाच्या कारकीर्दीतील हे एक लाजिरवाणे प्रकरण आहे. आणि १९५२ मध्ये हुजूर पक्षाने हद्दपारी कायमची करून त्याला साजेशी भर घातली.

सरकारच्या हाती मान्यता होती, पण माणसे नव्हती. बांग्वातोंनी दुसरा प्रमुख निवडण्याचे साफ नाकारले. १ जून १९५२ रोजी सेरोवेत दंगल झाली आणि तीत तीन पोलीस ठार झाले. सभेत बोलण्याचा अधिकार नसलेल्या बायकाही त्या दिवशी पोलिसांपुढे उभ्या ठाकल्या होत्या. शेवटी कोंडी फोडली ती चुलत्या-पुतण्यांनीच. १९५६ मध्ये त्यांचा समेट झाला, दोघांनीही गादीवरील हक्क सोडून दिला आणि त्या बदल्यात सेरेत्से ऑक्टोबरमध्ये एक साधे नागरिक म्हणून मायदेशी परतले. तीन वर्षांनी त्शेकेडी वारले.

परत आलेल्या सेरेत्से यांनी गुरेपालनाचा धंदा करून पाहिला. तो फारसा जमला नाही. मधुमेहाने प्रकृती पोखरली. त्यांचा काळ आता संपला असे म्हणणारे लोक होते. तथापि १९६० साली स्थापन झालेल्या जहाल पक्षाने राजकारण ढवळून निघाले, तेव्हा सेरेत्से यांनी १९६१-६२ मध्ये आपला बोट्स्वाना डेमोक्रॅटिक पक्ष उभा केला आणि बांग्वाकेत्से जमातीतील क्वेट मासिरे हा तडफदार शेतकरी-पत्रकार सरचिटणीस म्हणून जोडीला घेतला. प्रमुख आपल्या जमातीपुरता असतो. मासिरेंना बरोबर घेतल्याने पक्ष एका जमातीचा राहिला नाही. मार्च १९६५ च्या निवडणुकीत ३१ पैकी २८ जागा त्यांना मिळाल्या. यातील किती मते पक्षाला आणि किती खामांच्या नातवाला, याचा हिशेब कोणी मांडू शकणार नाही. गादी कागदावर सोडली म्हणून लोकांच्या मनातून ती जात नसते, आणि सेरेत्से यांनीही त्या पुण्याईचा लाभ घेण्याचे नाकारले नाही. जन्माने मिळालेल्या वजनाच्या जोरावर जन्मसिद्ध सत्ता मोडायची, असा तो विलक्षण व्यवहार होता.

आणि ती त्यांनी खरोखरच मोडली. ३० सप्टेंबर १९६६ रोजी स्वतंत्र झालेल्या देशाच्या घटनेत प्रमुखांचे एक सभागृह ठेवण्यात आले. त्यात आठ मुख्य जमातींच्या प्रमुखांना हक्काची जागा होती. अधिकार मात्र सल्ला देण्यापुरता. प्रमुखांना हवे होते ते कायदे करणारे दुसरे सभागृह. ते मिळाले नाही. स्थानिक कर, प्राथमिक शाळा, पाणी, खेड्यातले रस्ते ही कामे निवडून आलेल्या जिल्हा परिषदांकडे गेली. बेवारशी गुरे प्रमुखाची मानली जात. १९६८ च्या कायद्याने ती परिषदांची झाली. गुरे हेच जेथे धन, तेथे हा आघात लहान नव्हता. त्याच वर्षी संमत झालेल्या आणि १९७० पासून अमलात आलेल्या जमीन कायद्याने जमीन वाटून देण्याचा अधिकार काढून मंडळांच्या हाती दिला. प्रमुखाकडे राहिला तो क्गोत्ला, रूढीनुसार न्यायदान, आणि मान.

याच्याही आधी, १९६७ मध्ये, जमिनीखालील खनिजांवरचा हक्क जमातींकडून राष्ट्राकडे घेण्यात आला. त्याच वर्षी ओरापा येथे हिऱ्यांची खाण सापडली. ओरापा बांग्वातोंच्या प्रदेशात येते. तांबे आणि निकेलचे साठेही तेथेच होते, आणि त्यासाठी १९५९ सालीच बांग्वातोंनी एका खाण कंपनीशी करार केलेला होता. म्हणजे जुना हक्क कायम राहता तर सर्वांत मोठा धनलाभ सेरेत्से यांच्या स्वतःच्या जमातीला होता. तो त्यांनी सोडला. इतर जमातींना तुमचा हक्क सोडा असे सांगण्याचा नैतिक अधिकार त्यांना मिळाला तो येथे. दुसरी आणि अधिक श्रीमंत खाण ज्वानेंग येथे निघाली, ती बांग्वाकेत्सेंच्या प्रदेशात. तोवर प्रश्न निकालात निघाला होता. खनिजांच्या वाटणीवरून नायजेरियात आणि काँगोत काय झाले हे आठवले म्हणजे या एका कायद्याची किंमत ध्यानात येते. स्वातंत्र्याच्या वेळी या देशात डांबरी रस्ता जेमतेम दहा-बारा किलोमीटर होता, राजधानीसुद्धा १९६५ पर्यंत देशाबाहेर मॅफेकिंगला होती, आणि अंदाजपत्रकाची तूट ब्रिटन भरून काढीत असे. १९७२-७३ पासून त्या मदतीची गरज राहिली नाही.

ज्यांचे अधिकार गेले त्यांची बाजू मांडली ती दुसऱ्या बाथोएन यांनी. १९२८ पासून गादीवर असलेले, प्रमुखांच्या सभागृहाचे पहिले अध्यक्ष असलेले बाथोएन हे काही नुसते मानपानाचे भुकेले नव्हते. त्यांच्या जमातीत शाळा आणि धरणे त्यांनी स्वतः पुढाकार घेऊन उभारली होती. परकी सत्तेशी आम्ही न्यायालयात लढलो, आणि तिने जे पुरते हिरावले नाही ते आमच्याच मुलांनी हिरावले, हे त्यांचे शल्य होते. १९६९ मध्ये त्यांनी गादी सोडली, विरोधी नॅशनल फ्रंटमध्ये प्रवेश केला आणि कान्ये येथे उपराष्ट्राध्यक्ष मासिरे यांचा पराभव केला. मॉस्कोत शिकून आलेल्या केनेथ कोमा यांच्या पक्षातून एक परंपरानिष्ठ प्रमुख निवडून यावा, ही गंमतच होती. मासिरेंना नियुक्त सदस्य म्हणून संसदेत आणावे लागले. पण या पराभवाचे मोल आज वेगळे वाटते. प्रमुखाला सत्ता हवी असेल तर त्याने गादीवरून उतरून मते मागावी, हा नियम सेरेत्से यांनी घालून दिला होता, आणि त्यांचा कट्टर प्रतिस्पर्धी तो पाळूनच जिंकला होता. बाथोएन यांना तुरुंगात टाकण्याचा विचारही कोणी केला नाही. त्या काळच्या आफ्रिकेत, आणि आफ्रिकेबाहेरही, हे सरसकट घडत नसे.

क्गोत्ला मात्र सरकारने जपला. मंत्री, अधिकारी, अभियंते यांनी योजना घेऊन क्गोत्लात जायचे, लोकांची बोलणी ऐकायची, हा रिवाज पडला. लेसोथोने १९७५ मध्ये संयुक्त विद्यापीठातून अंग काढून घेतले तेव्हा स्वतःचे विद्यापीठ उभारण्यासाठी सेरेत्से यांनी प्रत्येक माणसामागे एक गाय अशी हाक दिली. लोकांनी गुरे दिली, धान्य दिले, अंडीसुद्धा दिली. प्रमुखाने जमातीकडे मागावे तशी ही मागणी होती, फक्त ती आता देशासाठी होती.

तरीही दोन गोष्टी सेरेत्से यांच्या खात्यावर लिहिल्याच पाहिजेत. पहिली ही की, प्रमुखाला मान्यता देण्याचा आणि त्याला पदावरून दूर करण्याचा जो अधिकार ब्रिटिश सरकारकडे होता, ज्या अधिकाराने त्यांना सहा वर्षे देशोधडीला लावले, तोच अधिकार १९६५ च्या कायद्याने त्यांच्या सरकारने स्वतःकडे ठेवला. त्शेकेडी आणि बाथोएन ज्याविरुद्ध न्यायालयात गेले होते ते कलम केवळ धनी बदलून तसेच राहिले. २०११ मध्ये बाकगातला जमातीच्या प्रमुखाची मान्यता त्याच अधिकाराने काढून घेण्यात आली. दुसरी गोष्ट, घटनेत आठ जमातींनाच मुख्य म्हणून स्थान दिल्याने कलांगा, वायेयी, सॅन आदी समाज दुय्यम ठरले. क्गोत्लाच्या कुंपणाबाहेर जे होते ते प्रजासत्ताकातही काही अंशी बाहेरच राहिले. वायेयींना २००१ मध्ये उच्च न्यायालयात जाऊन दाद मागावी लागली आणि सभागृहाची रचना २००५ साली बदलली गेली. सेरेत्से यांना हे दिसत नव्हते असे मानणे कठीण आहे. बहुधा एकाच वेळी सर्वांशी वाकडे घेण्याची त्यांची तयारी नव्हती.

आणखी एक प्रसंग आहे, आणि त्याचा अर्थ लावणे सोपे नाही. १९७९ च्या मे महिन्यात सेरोवेच्या त्याच क्गोत्लात त्यांचे ज्येष्ठ पुत्र इयन खामा यांना बांग्वातोंचे प्रमुख म्हणून विधिपूर्वक गादीवर बसविण्यात आले. इयन तेव्हा नव्याने उभ्या राहिलेल्या लष्करात वरिष्ठ अधिकारी होते. ज्या गादीवर पित्याने पाणी सोडले ती पुत्राकडे आली. जमातीचा आग्रह होता, हे खरे. परंतु गादी आणि राज्यसत्ता यांच्यात वीस वर्षे खपून घातलेली भिंत घरातच किती पातळ होती, हेही त्या दिवशी दिसले. वर्षभरानंतर, १३ जुलै १९८० रोजी, कर्करोगाने सेरेत्से यांचे निधन झाले. तेव्हा मात्र राष्ट्राध्यक्षपद गेले ते मासिरे यांच्याकडे, कोणत्याही राजकुळात न जन्मलेल्या परजमातीच्या माणसाकडे, आणि देशात कोठेही गडबड झाली नाही. इयन २००८ ते २०१८ या काळात राष्ट्राध्यक्ष होते. नंतर पित्याने स्थापलेल्या पक्षाशीच त्यांचे बिनसले. १९६६ पासून अखंड सत्तेवर असलेला तो पक्ष २०२४ च्या निवडणुकीत हरला. त्याला हरविणाऱ्या आघाडीत बाथोएन यांचा नॅशनल फ्रंट होता. सत्तांतर शांतपणे झाले.

सेरोवेच्या क्गोत्लामागे एक टेकडी आहे. तिच्यावर तिसऱ्या खामांची समाधी असून, बांग्वातोंचे कुलचिन्ह असलेल्या लहानशा हरणाची ब्राँझची मूर्ती तिच्यावर बसविलेली आहे. सेरेत्से यांना त्याच टेकडीवर, प्रमुखांच्या दफनभूमीत ठेवण्यात आले. १९५६ च्या त्या कागदाची आठवण तेव्हा कोणी काढली नाही. २००२ मध्ये रूथ वारल्या. १९४८ च्या सभेत ज्यांचे नाव घेऊन एवढे वादळ उठले होते, त्यांना बांग्वातोंनी जमातीची माता म्हणून पतीशेजारीच जागा दिली.